काष्टीचा शनिवार आणि चार पुरुषार्थ

आजचा भाग मी पुण्यातल्या खोलीतून नाही, गावाकडून, काष्टीतून रेकॉर्ड करतोय. त्यामुळे मध्येच म्हैस ओरडली किंवा शेजारचा ट्रॅक्टर सुरू झाला तर ते मी कापत बसणार नाही. आणि दीड स्पीडवर ऐकणाऱ्यांना विनंती, आज जरा साध्या स्पीडवर ऐका. विषय जुना आहे, पण मला तो सांगायला बरीच वर्षं लागलीत.

मागच्या महिन्यात एका श्रोत्याचा व्हॉट्सॲपवर प्रश्न आला होता. "दादा, शाळेत शिकलो की पुरुषार्थ चार असतात. धर्म, अर्थ, काम, मोक्ष. पण एका व्हिडिओत म्हणाले की मूळचे तीनच. नक्की किती?" प्रश्न सोपा वाटला म्हणून मी उत्तर लिहायला घेतलं, आणि लिहिता लिहिता मला आमची एक गाय आठवली. मग उत्तर राहिलंच.

आधी गाव सांगतो. काष्टी म्हणजे श्रीगोंदा तालुका, आधीचा अहमदनगर आणि आताचा अहिल्यानगर जिल्हा. दौंडहून नगरकडे निघालात की लागतं. आजूबाजूला ऊस आणि गोठे. पण काष्टीचं नाव कुणी घेतलं की पहिल्यांदा आठवतो तो शनिवारचा जनावरांचा बाजार. पहाटेपासून पिकअप आणि टेम्पो लागायला लागतात. संकरित गायी, म्हशी, बैल, कालवडी, सगळं दावणीला. हेडे, म्हणजे जनावरांचे व्यापारी, तोंड उघडून दात बघतात. अदात आहे का, दोन दाती, चार दाती, का जुळलेलं. गाय असेल तर कितव्या वेताची, गाभण किती महिन्यांची, कास कशी, सड कसे. आणि भाव मोठ्यानं बोलायचा नाही. रुमालाखाली किंवा उपरण्याखाली हातात हात घालायचा आणि बोटं दाबून आकडा सांगायचा. आता मोबाईलवर टाईप करून दाखवणारेही आहेत, पण रुमाल अजून संपलेला नाही.

माझी बारावी झाली त्या उन्हाळ्यातली गोष्ट. पुण्यात प्रवेश मिळाला होता, फी भरायची होती. घरात विकण्यासारखी एक गाय होती, दुसऱ्या वेताची, दिसायला देखणी. अडचण एकच होती. तिचा पुढचा उजवा सड दगडी होऊन मेला होता. तीन सडांचंच दूध. पण कास भरलेली असली की ते पटकन कळत नाही. आदल्या संध्याकाळी मी आणि अण्णांनी, म्हणजे माझ्या वडलांनी, तिची धार काढलीच नाही. कास तुंबवून नेली. यात आमचा शोध काही नव्हता, सगळे करतात असं आम्ही एकमेकांना सांगितलं. खरं तर बोललोही नाही फार. नुसतं बादली उचलली नाही.

बाजारात एक गिऱ्हाईक आलं. करमाळ्याकडचा माणूस, सोबत त्याचा मुलगा, साधारण माझ्याच वयाचा. रुमालाखाली हात गेले, भाव ठरत आला. आणि आमचे आबा, म्हणजे आजोबा, तंबाखू मळत कडेला बसले होते, ते शांतपणे म्हणाले, "पाव्हणं, पुढचा उजवा सड बघून घ्या. मेलेला हाय."

भाव अकरा हजारांनी उतरला. गाय विकली गेली, पण फी पुरेना. शेवटी आईनं कानातलं गहाण ठेवलं. मी आबांशी दोन दिवस बोललो नाही. आई कुणालाच काही बोलली नाही, फक्त भाकरी थापताना एकदा म्हणाली, "धर्म आबांचा आणि कानातलं माझं."

हे वाक्य मी डोक्यात घेऊन पुण्याला गेलो. आज चार पुरुषार्थांवर बोलायचं तर मला याच वाक्यापासून सुरुवात करावी लागते.

तर आता श्रोत्याचा प्रश्न. तीन की चार?

जुन्या ग्रंथांत शब्द भेटतो तो "त्रिवर्ग". धर्म, अर्थ, काम. वात्स्यायनाचं कामसूत्र सुरू होतं ते या तिघांना नमस्कार करून. कौटिल्याच्या अर्थशास्त्रातही हेच तीन. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात तर वादच नोंदवलाय. कुणी म्हणतं धर्म आणि अर्थ श्रेष्ठ, कुणी म्हणतं काम आणि अर्थ, कुणी नुसता धर्म, कुणी नुसता अर्थ, आणि शेवटी निकाल दिलाय की तिन्ही मिळून श्रेय. मोक्षाचा विचार नव्हता असं नाही. उपनिषदांत आहे, बौद्ध आणि जैन परंपरांत तर तोच मध्यभागी आहे. पण गावात राहणारा, कर भरणारा, लेकरं वाढवणारा माणूस काय मिळवायला जगतो याची जी यादी होती, त्यात तो सुरुवातीला नव्हता. तो पुढे चौथा म्हणून येऊन बसला, आणि बसला तो वरच्या खुर्चीत. म्हणून शाळेतले चारही बरोबर, व्हिडिओतले तीनही बरोबर. झालं उत्तर.

पण "पुरुषार्थ" हा शब्द बघा आपल्या बोलण्यात कसा वापरला जातो. "त्यात कसला आलाय पुरुषार्थ?" म्हणजे मर्दुमकी, पराक्रम. संस्कृतात पुरुष म्हणजे माणूस, आणि पुरुषार्थ म्हणजे माणसानं ज्यासाठी धडपडावं ते. मराठीनं त्याला मिशी लावली. ही मिशी कुठून आली त्याचा माग मी पुढे जमेल तसा काढणार आहे.

या विषयावरची मला सगळ्यात आवडणारी जागा महाभारताच्या शांतिपर्वात आहे. युद्ध संपलंय. भीष्म शरपंजरी पडून उपदेश करतायत. एका दिवसाचा उपदेश संपतो आणि युधिष्ठिर घरी येऊन चार भावांना आणि विदुराला विचारतो की धर्म, अर्थ, काम, यांत मोठं कोण? अगदी जेवणानंतर ओट्यावर बसून गप्पा माराव्यात तसं.

विदुर म्हणतो धर्म. अपेक्षितच. मग अर्जुन बोलतो, आणि तो जे बोलतो ते मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा ताडकन उठून बसलो. तो म्हणतो ही कर्मभूमी आहे. इथे शेती, व्यापार, गोपालन आणि कारागिरी यांना मान आहे. अर्थ नसेल तर धर्मही होत नाही आणि कामही. आणि वर टोमणा मारतो, की जटा वाढवलेले, मुंडण केलेले, भगवे घातलेलेसुद्धा अर्थाच्याच मागे असतात. गीतेतला हातपाय गळालेला अर्जुन तो हाच, बरं का. युद्ध झाल्यावर तो एकदम काष्टीच्या बाजारातल्या माणसासारखा बोलायला लागतो.

नकुल आणि सहदेव मधला रस्ता धरतात. अर्थ हवा पण धर्माला धरून, आधी धर्म, मग अर्थ, मग काम. धाकट्या भावांना बहुतेक घरांत हेच बोलावं लागतं. आणि मग भीम. भीम म्हणतो काम. म्हणजे नुसतं शरीरसुख नाही, इच्छा. इच्छाच नसेल तर कोण पैसा मिळवेल आणि कोण पुण्य करेल? पानं-मुळं खाऊन तप करणारे ऋषीसुद्धा कशाची तरी इच्छा धरूनच बसलेत ना? व्यापारी, शेतकरी, गुराखी, कारागीर, सगळे इच्छेनंच कामाला लागतात. आणि उपमा देतो ती दुभत्याची, दह्यातून जसं लोणी काढावं तसा धर्म-अर्थातून काम. भीम स्वयंपाकघरात राहिलेला माणूस, अज्ञातवासात आचारी होता. त्याला लोण्याचीच उपमा सुचणार.

शेवटी युधिष्ठिर. तो म्हणतो तुमचं सगळ्यांचं ऐकलं, पण जो पाप-पुण्यात, धर्म-अर्थ-कामात गुंतत नाही तो सुटतो. म्हणजे मोक्ष. भाऊ त्याला नमस्कार करतात. आणि गंमत म्हणजे, हे सांगून युधिष्ठिर जंगलात जात नाही. राज्य करतो. दुसऱ्या दिवशी परत भीष्मांना प्रश्न विचारायला हजर.

सहाजण बसले होते. द्रौपदीला कुणी विचारलं नाही. याच पर्वाच्या सुरुवातीला युधिष्ठिर सगळं सोडून वनात जातो म्हणत होता, तेव्हा त्याला खडसावणाऱ्यांत ती होती. म्हणजे तिला मत नव्हतं असं नाही. पण या बैठकीत ती नाही.

हे आपल्याला इतकं नीट वाचता येतं त्यात पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराचा मोठा हात आहे. १९१७ मध्ये स्थापन झालेली संस्था. तिनं १९१९ मध्ये महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचं काम हाती घेतलं आणि ते १९६६ मध्ये पुरं झालं. देशभरातली हस्तलिखितं जमवायची, ओळ अन् ओळ ताडून बघायची, आणि जुना पाठ कोणता ते ठरवायचं. शांतिपर्वाचं संपादन श्रीपाद कृष्ण बेलवलकरांनी केलं. सत्तेचाळीस वर्षं. मला कॉलेजात एक प्रोजेक्ट चार महिन्यांत कंटाळवाणा झाला होता.

त्याच पुण्यात एका ग्रंथालयात मी एक यादी वाचली. पदवी झाली होती, स्पर्धा परीक्षांची तयारी चालू होती, आणि तयारीचा कंटाळा आला की मी पांडुरंग वामन काण्यांचे धर्मशास्त्राच्या इतिहासाचे खंड उघडायचो. काण्यांना १९६३ मध्ये भारतरत्न मिळालं. पहिला खंड १९३० चा, शेवटचा १९६२ चा. प्रचंड काम आहे, त्यातलं मला निम्मंही झेपलं नाही. पण खरेदी-विक्रीच्या वादांबद्दल वाचताना याज्ञवल्क्य स्मृतीपर्यंत पोचलो, आणि तिथे थांबलो. विकत घेतलेला माल पारखायला गिऱ्हाइकाला किती दिवस मिळतात, याची ती यादी होती. बियाणं, दहा दिवस. लोखंड, एक दिवस. ओझं वाहणारं किंवा ओढणारं जनावर, पाच दिवस. रत्न, सात दिवस. आणि दुभतं जनावर, तीन दिवस.

तीन दिवस! मी पुस्तक बंद करून बाहेर चहा प्यायला गेलो.

आमच्याकडे आबा नेहमी म्हणायचे की नव्या गायीचं तिसऱ्या दिवसाचं दूध खरं. पहिल्या दिवशी कास तुंबलेली असते म्हणून जास्त निघतं. दुसऱ्या दिवशी नवीन गोठा, नवा हात, गाय बिथरलेली, म्हणून कमी निघतं. तिसऱ्या दिवशी ती खरं सांगते. आबांनी याज्ञवल्क्याचं नावही ऐकलेलं नाही. आणि दीड-दोन हजार वर्षांपूर्वी ज्यानं ती यादी केली, त्यानंही कुठल्यातरी गोठ्यातल्या म्हाताऱ्याला विचारूनच केली असणार, हा माझा अंदाज. नुसत्या ध्यानातून तीन हा आकडा येत नाही.

तेव्हा मला "धर्म" हा शब्द पहिल्यांदा हातात धरता आला. तोपर्यंत धर्म म्हणजे पूजा, सोवळं, किंवा निवडणुकीतलं भाषण. इथे धर्म म्हणजे तुझ्या कासेतलं खरं-खोटं समोरच्याला तीन दिवसांत बघू दे, आणि नाही पटलं तर परत घे. बाजार चालायचा असेल तर हे लागतं. गिऱ्हाइकाचा भरवसाच उडाला तर करमाळ्याचा माणूस काष्टीला येईल कशाला?

पण यादी तिथे संपत नाही. त्याच श्लोकात पुढे आहे, स्त्री एक महिना, पुरुष पंधरा दिवस. टीकाकार याचा अर्थ दासी आणि दास असा लावतात. म्हणजे माणसंही विकली जायची, आणि त्यांनाही गायीसारखी पारखायची मुदत होती. ज्या श्लोकानं मला धर्म समजावला त्याच श्लोकात हे आहे. मी मित्रांना ही गोष्ट सांगायचो तेव्हा पहिली दोन-तीन वर्षं फक्त गायीचाच भाग सांगायचो. कास तुंबवून नेण्यातलाच प्रकार तो. म्हणून आज पूर्ण यादी सांगितली.

कौटिल्य या बाबतीत सरळ माणूस आहे. तो म्हणतो अर्थच प्रधान, कारण धर्म आणि काम दोन्ही अर्थावर उभे आहेत. पण लगेच हेही म्हणतो की तिन्हींना सारखं सांभाळा, एकाचाच अतिरेक केला तर तो स्वतःलाही पाडतो आणि उरलेल्या दोघांनाही. त्याचं अर्थशास्त्र शतकानुशतकं नावापुरतं माहीत होतं, हस्तलिखित म्हैसूरला १९०५ मध्ये आर. शामशास्त्रींच्या हाती लागलं आणि १९०९ मध्ये छापून आलं. नंतर मुंबई विद्यापीठातर्फे आर. पी. कंगले यांनी त्याची तीन भागांत आवृत्ती आणि भाषांतर केलं, १९६० ते १९६५ या काळात.

त्यात गोअध्यक्ष नावाच्या अधिकाऱ्यावर एक अख्खं प्रकरण आहे. दूध उत्पादकांनी जरूर वाचावं! एक द्रोण गायीच्या दुधाला एक प्रस्थ तूप निघालं पाहिजे, असं तो सांगतो. द्रोण म्हणजे सोळा प्रस्थ, म्हणजे सोळाव्या हिश्शाएवढं तूप. म्हशीच्या दुधाला त्याहून पाचवा हिस्सा जास्त. आणि पुढे म्हणतो, खरं प्रमाण मात्र घुसळून बघूनच ठरवायचं, कारण जमीन, चारा आणि पाणी यांप्रमाणे दूध-तुपात फरक पडतो. आता आमच्या डेअरीवर घुसळत कुणी बसत नाही, मशीनमध्ये नमुना टाकला की फॅट आणि एसएनएफ येतं. पण भांडण तेच. मशीनचा आकडा खरा का माझ्या गायीचा चारा खरा, यावर रोज सकाळी अर्धा तास वाद होतो.

वात्स्यायनाकडे मला एक वेगळीच गोष्ट सापडली. तो म्हणतो सर्वसाधारणपणे कामापेक्षा अर्थ मोठा, अर्थापेक्षा धर्म मोठा. पण राजाला मात्र अर्थ आधी, कारण लोकांचा संसार त्यावर चालतो. आणि गणिकेलाही अर्थ आधी. म्हणजे माणूस बदलला की क्रम बदलतो. मला हे फार शहाणपणाचं वाटतं. सगळ्यांना एकच क्रम लावला की ज्याच्या खिशातून जातं त्याचा विचार होत नाही.

यावरून येतो मोक्षावर, आणि त्यासाठी लांब जायला नको. आपल्याकडे मोक्षावरून एक घर खरोखर मोडलंय.

आपेगावचे विठ्ठलपंत. लग्न झालेलं, पत्नी रुक्मिणी आळंदीची. परंपरा सांगते की ते काशीला गेले आणि घरचं सांगितलं नाही, संन्यास घेतला. पुढे त्यांचे गुरू फिरत फिरत आळंदीला आले, रुक्मिणीनं नमस्कार केला, त्यांनी पुत्रवती होण्याचा आशीर्वाद दिला. ती म्हणाली, नवरा तर संन्यासी झालाय. चौकशी केली तर शिष्य आपलाच निघाला. गुरूंनी त्याला परत संसारात पाठवलं. मग चार मुलं झाली. निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान, मुक्ता. आणि गावानं त्यांना संन्याशाची पोरं म्हणून वाळीत टाकलं. प्रायश्चित्त म्हणून आईवडलांनी देह संपवला असं परंपरा सांगते.

मनुस्मृतीच्या हिशेबानं चूक कुठे झाली तेही स्पष्ट आहे. ऋषी, देव आणि पितर यांची तीन ऋणं फेडल्यावरच मन मोक्षाकडे लावावं, न फेडता मोक्षामागे लागणारा खाली जातो, असं तिथे म्हटलंय. म्हणजे मोक्षाला वरची खुर्ची दिली खरी, पण दारात वसुलीवाला बसवला. विठ्ठलपंतांनी आधी एक नियम मोडला, मग गुरूच्या सांगण्यावरून दुसरा. आणि किंमत? रुक्मिणीनं नवरा असून नसल्याची वर्षं काढली, मग मुलांनी बहिष्कार सोसला. आमच्या आईच्या भाषेत, मोक्ष त्यांचा आणि कानातलं हिचं.

त्यातलाच एक मुलगा पुढे आपल्याच जिल्ह्यात, प्रवरेकाठी नेवाशाला, एका खांबाला टेकून गीतेवर बोलला. १२९० साल, शके १२१२. तो खांब आजही तिथे दाखवतात. ज्ञानेश्वरीत ज्ञानदेव भक्तीला चारही पुरुषार्थांच्या माथ्यावर बसवतात. मला हे नुसतं काव्य वाटत नाही. ज्याच्या घराची चार आश्रम आणि चार पुरुषार्थ यांच्या हिशेबात फरफट झाली, त्यानं यादीच्या बाहेरची एक जागा काढली, आणि ती मराठीत काढली. तिथे यायला आधी ऋणं फेडल्याचा दाखला लागत नाही, मुंज लागत नाही, संस्कृत लागत नाही.

त्या जागेवर मग कोण कोण आलं बघा. आमच्या श्रीगोंद्यातच शेख महंमद. मुसलमान घरातला माणूस, योगसंग्राम नावाचा मराठी ग्रंथ लिहितो, आणि त्यांचं स्थान आजही श्रीगोंद्यात आहे. मनूच्या हिशेबात त्यांना कुठला रकाना असता सांगा?

आणि तुकोबा. तुकोबांनी तर देवाकडे मुक्ती नको, पुन्हा जन्माला घाल म्हणून मागणं केलं. वरच्या खुर्चीलाच नकार. पण मला आज त्यांची दुसरी गोष्ट सांगायचीय. ती आपल्या राहुरी तालुक्यातल्या ताहराबादच्या महिपतींनी अठराव्या शतकात लिहून ठेवली. १६३० च्या दुष्काळात तुकोबांचं घर बसलं, घरात मृत्यू झाले. घरची सावकारी होती, लोकांची कर्जखतं होती. तुकोबा ती इंद्रायणीत बुडवायला निघाले. धाकटा भाऊ कान्होबा म्हणाला, तुम्ही साधू झालात, मला संसार आहे. तेव्हा तुकोबांनी खतांचे दोन वाटे केले. अर्धे कान्होबाला दिले आणि फक्त आपला अर्धा वाटा बुडवला.

मला या गोष्टीत त्या खतं बुडवण्यापेक्षा ती वाटणी मोठी वाटते. आपला धर्म आपल्या वाट्यातून करायचा, भावाच्या वाट्यातून नाही. आबांनी ही गोष्ट कीर्तनात कितीतरी वेळा ऐकली असणार, कारण आमच्याकडे सप्त्याला ती सांगतातच. पण खरं सांगू? तुकोबांच्या अर्ध्या वाट्यात त्यांच्या बायकोचं, जिजाईचं, किती होतं, हे त्या वाटणीत कुणी मोजलेलं नाही. कान्होबा बोलला म्हणून त्याला मिळालं. तिला लोक आजही कजाग म्हणून हसतात.

टिळकांचं गीतारहस्यही इथे सांगायचं होतं. मंडालेच्या तुरुंगात १९१०-११ च्या हिवाळ्यात लिहिलेलं, १९१५ मध्ये प्रसिद्ध झालेलं. ज्ञान झाल्यावरही कर्म सोडायचं नाही, असा त्यांचा सगळा रोख आहे, म्हणजे मोक्ष आणि बाजार यांत भिंत नको. पण त्यावर एक वेगळा भाग करू, हा आधीच लांबलाय आणि बाहेर धारेची वेळ होत आलीय.

आता माझं. आबा चूक होते का? काही वर्षं मी म्हणायचो, हो. मग यादी वाचल्यावर म्हणायला लागलो, नाही, बरोबरच होते. त्या करमाळ्याच्या मुलाचा चेहरा आठवतो, त्यांनीही ती गाय कुणाच्या तरी फीसाठीच घेतली असेल. आमच्या फीचं ओझं त्यांच्या गोठ्यात ढकलायचा आम्हाला काय अधिकार होता? इथपर्यंत मी आबांच्या बाजूला आहे. पण गाय आबांची एकट्याची नव्हती. शेण काढायची आई, वैरण टाकायची आई, धार काढायची आई. सड दगडी झाला तेव्हा आठ दिवस रात्री उठून शेकणारी आई. खरं बोलायचंच होतं, तर आदल्या रात्री घरात बोलायला हवं होतं. तिला विचारून. ती नाही म्हणाली असती असं मला वाटत नाही. पण विचारलं असतं तर तो तिचाही धर्म झाला असता. आणि मी? मी आबांवर रागावलो, आईकडून कानातलं घेतलं, आणि दोन्ही वेळा मला त्यात काही खटकलं नाही.

पहिल्या पगारातून ते सोडवायला गेलो तर व्याज इतकं चढलं होतं की सराफच म्हणाला, नवीनच घ्या. नवीन घेतलं. आई ते घालत नाही. कपाटात डब्यात ठेवलंय. का घालत नाहीस विचारलं तर म्हणते, गोठ्यात हरवायचं.

आबा आता पंच्याऐंशीच्या पुढे आहेत. दोन वर्षांपासून वारी बंद. परवा मी त्यांना हा सगळा विषय सांगितला, याज्ञवल्क्य, तीन दिवस, सगळं. त्यांनी नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "त्यात म्हशीला किती दिवस लिवलेत?" मी म्हटलं, दुभतं जनावर म्हणजे म्हैसही आलीच. ते म्हणाले, "म्हशीला तीन कमी पडत्यात. म्हैस लबाड असती."

आणि त्या गायीचं? त्या दिवशी गाय टेम्पोत चढवल्यावर, सौदा पुरा झाल्यावर, आईनं त्या पाव्हण्याच्या मुलाला हाक मारून काहीतरी सांगितलं होतं. काय ते मला कधीच कळलं नव्हतं. या भागासाठी आज दुपारी मी तिला तेच विचारलं. ती म्हणाली, "काही नाही. म्हणलं, डाव्या बाजूनं बस धारेला. उजव्या बाजूनं बसलं की लाथ मारती."

थांबा, आई हाक मारतेय. लाईट जायच्या आत मशीन लावायचंय. पुढच्या भागात भेटू.